पाणीखात्यातला कारकून

बर्फ पडतंय. रात्रीची वेळ, लहान मुलांची बाग आणि झोपाळ्यावर एकटाच बसलेला म्हातारा. हलके झोके घेत तो एक जुनं गाणं म्हणतोय, घशातून जेमतेम बाहेर पडणाऱ्या आवाजात. नगरपालिकेत तीस वर्षं कागदांवर शिक्के मारले. पोटाचा कॅन्सर आहे हे कळल्यावर त्यानं एकच काम तडीस नेलं, ही बाग.

१९५२चा जपानी चित्रपट 'इकिरू'. या म्हाताऱ्याचं काम करणारे ताकाशी शिमुरा तेव्हा अवघे ४७ वर्षांचे होते.

आणि सरकारी टेबल त्यांना नवं नव्हतं. जन्म १९०५चा, चांदीच्या खाणीसाठी ओळखल्या जाणाऱ्या इकुनो गावातला. घराणं सामुराईंचं, पण वडील निवृत्त झाले आणि कॉलेजची फी झेपेना. मग दिवसा ओसाका महापालिकेच्या पाणीखात्यात नोकरी आणि रात्रीच्या वर्गात इंग्रजी साहित्य. तिथेच नाटकाचं वेड लागलं. तालमींपायी खाडे पडू लागले आणि नोकरी गेली. मित्रांसोबत उभी केलेली नाटक कंपनीही कर्जात बुडाली. १९३४ मध्ये ते क्योतोच्या स्टुडिओत आले आणि कित्येक वर्षं छोटी-मोठी कामं करत राहिले.

१९४३ साली 'इकिरू'चे दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचा पहिला चित्रपट आला, त्यात शिमुरा होते. पुढे कुरोसावांच्या तीसपैकी एकवीस चित्रपटांत ते दिसले. 'ड्रंकन एंजल'मधला दारुडा पण जीव लावणारा डॉक्टर, 'स्कँडल'मधला विकला गेलेला वकील, 'राशोमोन'मधला लाकूडतोड्या. यातले नायक तोशिरो मिफुने समोर असले की नजर त्यांच्यावरच खिळते, हे खरं. पण त्या प्रसंगाला तोलून धरणारा माणूस बहुतेक वेळा शिमुराच असतो.

आता १९५४ हे एकच साल घ्या.

एप्रिलमध्ये 'सेव्हन सामुराय'. ओढ्याकाठी कांबेई, म्हणजे शिमुरा, बसलाय, भिक्षू त्याच्या डोक्यावरून वस्तरा फिरवतोय. एका पोराला चोराच्या तावडीतून सोडवायचं आहे, त्यासाठी भिक्षूचा वेश हवा. सामुराईनं शेंडी उतरवायची म्हणजे अब्रूच उतरवायची. गाव तोंडात बोटं घालून बघतंय, आणि कांबेईच्या चेहऱ्यावरची रेषही हलत नाही. पुढे सगळा चित्रपटभर, विचारात पडला की तो तळहातानं त्या तुळतुळीत डोक्यावरून हात फिरवत राहतो. एवढ्या एका लकबीतून तो सेनापती आपल्या घरचा वाटायला लागतो.

नोव्हेंबरमध्ये 'गॉडझिला'. सगळ्यांना तो अजस्र प्राणी मारून टाकायचा आहे. शिमुरांचे प्राध्यापक यामाने मात्र कळवळून सांगतात, मारू नका, त्याचा अभ्यास करा. कोणी ऐकत नाही. मग ते घरी खोलीत दिवा न लावता बसून राहतात, पाठमोरे. संवाद जवळजवळ नाही, चेहराही धड दिसत नाही. त्यांची हार आपल्याला त्या खांद्यांत दिसते.

तोच माणूस, तोच रुंद चेहरा, तेच जाड ओठ. आणि तरी कांबेईचा ताठ कणा यामानेंमध्ये शोधून सापडत नाही.

१९८०च्या 'कागेमुशा'त कुरोसावांनी पंचाहत्तरीच्या शिमुरांसाठी मुद्दाम एक छोटी भूमिका लिहिली. परदेशात गेलेल्या प्रतीतून ती कापली गेली. ११ फेब्रुवारी १९८२ रोजी शिमुरा गेले. ते प्रसंग आता पूर्ण आवृत्तीत पाहायला मिळतात. चित्रपट लावाल तेव्हा तीच आवृत्ती लावा.