राणीची डायरी, अक्षर मुलीचं

नमस्कार मंडळी. राजघराण्यांची दफ्तरं टीव्हीवर कशी दाखवतात यावर बोलायचंय, तर मी सगळं जग फिरत नाही, एकाच दफ्तराला धरून बोलतो. विंडसर कॅसलचा राउंड टॉवर. ब्रिटिश राजघराण्याचे कागद १९१४ पासून तिथे आहेत, त्याआधी तिसऱ्या जॉर्जचे कागद तर वेलिंग्टनच्या ड्यूकच्या लंडनमधल्या घरी, ॲप्सली हाउसमध्ये १९१२ पर्यंत पडून होते.

आता फिल्मवाल्यांची पंचाईत बघा. कागद हलत नाही, बोलत नाही, आणि जुनी शाई फिकी पडते म्हणून त्याच्यावर भगभगीत लाइटपण मारता येत नाही. पान स्क्रीनवर जेमतेम चार-पाच सेकंद, तेवढ्यात वाचून होणार किती, मग कॅमेरा अक्षरावरून हळूच सरकवायचा, मागे पियानो, एखादी ॲक्ट्रेस खर्जात वाचतेय, झाला सीन.

आणि गडबड नेमकी इथेच होते. व्हिक्टोरिया राणीने १८३२ मध्ये तेरा वर्षांची असताना डायरी सुरू केली ती १९०१ मध्ये जायच्या थोडे दिवस आधीपर्यंत लिहीत होती, पण आज ज्या वह्या आहेत ना त्यातलं बहुतेक अक्षर राणीचं नाहीच, ते तिच्या धाकट्या मुलीचं, बीट्रिसचं आहे. आई गेल्यावर हिने वर्षानुवर्षं बसून मजकूर उतरवला, नको वाटलं ते गाळलं आणि उतरवून झाल्या तशा मूळ वह्या जाळत गेली! राणीचा नातू, राजा पाचव्या जॉर्जला ते पटलं नव्हतं, तरी थांबलं नाही. नशीब की राणीची पत्रं संपादित करणाऱ्या लॉर्ड एशरने १८४० च्या सुरुवातीपर्यंतच्या भागाची टाइप केलेली कॉपी आधीच करवून घेतली होती, त्यामुळे तेवढ्या वर्षांपुरतं तरी दोन्ही शेजारी ठेवून काय गायब झालं ते बघता येतं, आणि २०१२ पासून डायरी ऑनलाइनपण आहे. मला विचाराल तर अर्धा स्क्रीन एशर, अर्धा बीट्रिस, याच्यापेक्षा भारी सीन नाही, राजवाड्याचे ड्रोन शॉट कापा हवं तर.

जाळण्याचा सीन नाट्यरूपात करायचा मोह सगळ्यांनाच होतो, शेकोटी वगैरे. नका करू. राणीच्या मुलाने, सातव्या एडवर्डने, राज्यावर आल्यावर तिचा भारतीय मुनशी अब्दुल करीम याच्याकडची राणीची पत्रं जाळायला लावली, पण राणी त्याच्याकडे उर्दू शिकत होती त्या वह्या मात्र विंडसरला राहिल्या, तर त्याच दाखवा ना, गिरवलेल्या ओळी दाखवा.

बरं, परवानगी देणारं घराणंच असलं की शेवटचा शब्द कुणाचा? १९६९ ची राजघराण्यावरची डॉक्युमेंटरी 'रॉयल फॅमिली' घ्या, ब्रिटनमध्येच तीन कोटींहून जास्त लोकांनी बघितली आणि नंतर घराण्याने ती दाखवणंच बंद केलं, म्हणजे फिल्मच कुलुपात. अशा ठिकाणी शूट करताना फार भांडता येत नाही हे मान्य, पण डायरीचं पान दाखवताना खाली 'हस्ताक्षर: बीट्रिस' एवढी पट्टी टाकायला कुणाची परवानगी लागते हो?