सोफ्यातले घोड्याचे केस

नमस्कार श्रोतेहो. यंत्राशी रात्र रात्र बोलत बसणाऱ्या एकट्या माणसांबद्दल आज बोलायचं ठरलं होतं. पण हा विषय निघाला की मला ओस्कर कोकोश्का आठवतो, आणि तो आठवला की बाकीचं राहूनच जातं.

कोकोश्का ऑस्ट्रियाचा चित्रकार. संगीतकार गुस्ताव माहलरची विधवा आल्मा, तिच्यावर याचा जीव. महायुद्धात हा जबर जखमी झाला, आणि १९१५ साली तिनं वास्तुकार वाल्टर ग्रोपियसशी लग्न केलं. मग १९१८ मध्ये यानं म्युनिकच्या हर्मिने मोस या बाहुल्या करणाऱ्या बाईंना काम सांगितलं: मला आल्मा करून द्या. माणसाएवढी. हो, माणसाएवढी!

पत्रांवर पत्रं गेली. एकात लिहितो, जुना सोफा विकत घ्या, त्यातले घोड्याचे केस काढा, निर्जंतुक करा आणि आत भरा. तोंड उघडेल का? आत दात, जीभ असेल ना? शिवणकाम करणाऱ्या कुणालाही विचारा, असलं गिऱ्हाईक नको रे बाबा!

१९१९ मध्ये पेटी आली. उघडली, तर कातडीच्या जागी पिसांची लव. हे अस्वलाचं कातडं झालं, म्हणाला, पलंगाशेजारी अंथरायला ठीक. हिच्या पायात साधा मोजासुद्धा चढत नाही. मोजा, श्रोतेहो! माझी सहानुभूती मात्र मोसबाईंना. बिचारीचं नाव या तक्रारीपुरतंच उरलं.

तरी त्यानं बाहुली टाकली नाही. समोर बसवून चित्रं काढली. ‘निळ्या वेशातली स्त्री’ आज श्टुटगार्टच्या संग्रहालयात आहे. शेवटी, त्याच्याच सांगण्याप्रमाणे, एका रात्री मेजवानीत बागेत तिचं मुंडकं उडवलं आणि डोक्यावर तांबड्या वाइनची बाटली फोडली. सकाळी पोलीस दारात: बागेत रक्तानं माखलेलं प्रेत आहे म्हणे! कचऱ्याच्या गाडीनं ते ‘प्रेत’ उचलून नेलं.

आता मूळ विषय, दोनच वाक्यांत. १९६६ साली अमेरिकेत योसेफ वायझेनबाउम यांनी ‘एलायझा’ हा गप्पा मारणारा संगणकाचा प्रोग्राम जाहीर केला. आपलंच वाक्य फिरवून तो आपल्याला प्रश्न विचारी. तो नुसता प्रोग्राम आहे हे त्यांच्या सेक्रेटरीला चांगलं ठाऊक होतं, तरी त्याच्याशी बोलायला बसल्यावर तिनं साहेबांनाच खोलीबाहेर जायला सांगितलं. एलायझाला पायच नव्हते, त्यामुळे मोज्याचा प्रश्न आला नाही.

वेळ झाली. नमस्कार.