फी भरण्याआधी संलग्नतेचं पत्र पाहा

श्रोतेहो, नमस्कार.

मृगाचा पाऊस आणि बारावीनंतरचे प्रवेश आपल्या खान्देशात एकदमच येतात. कपाशीचं बियाणं, खत आणि पोराची फी, तिन्हींसाठी पैसा एकाच पंधरवड्यात उभा करावा लागतो. त्या ओढाताणीत धडगावचा, साक्रीचा किंवा चोपड्याचा बाप महाविद्यालयाच्या खिडकीवर पैसे भरतो, पावती खिशात घालतो आणि शेताकडे परततो. पावती घेण्याआधी त्यानं आणखी एक कागद पाहायला हवा. तो म्हणजे महाविद्यालयाचं चालू वर्षाचं संलग्नतेचं पत्र.

पदवी महाविद्यालय देत नाही, विद्यापीठ देतं. 15 ऑगस्ट 1990 ला जळगावला उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ सुरू झालं, तोवर आपली महाविद्यालयं पुणे विद्यापीठाला जोडलेली होती. आज कवयित्री बहिणाबाई चौधरींचं नाव असलेल्या याच विद्यापीठाची पदवी जळगाव, धुळे आणि नंदुरबारच्या मुलांना मिळते. शिकवणाऱ्या महाविद्यालयाचं विद्यापीठाशी कायदेशीर नातं असतं, तेच संलग्नता. फाटकावर एकदा रंगवलं की ते कायमचं झालं असं नाही. बीएस्सी संलग्न आहे म्हणून शेजारचा नवा अभ्यासक्रमही संलग्न असेलच असं नाही. पत्रात अभ्यासक्रम असतो, मंजूर प्रवेशक्षमता असते, मुदत असते.

मग संलग्नतेवरून कोर्टात वाद कुठून येतात? महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 प्रमाणे विद्यापीठ बृहत आराखडा करतं. नवं महाविद्यालय कुठं हवं, हे त्यात ठरतं. संस्था अर्ज करते, विद्यापीठ शिफारस करतं, शासन आधी इरादापत्र, म्हणजे अटी पुऱ्या केल्यास परवानगी देऊ असं पत्र, आणि मग अंतिम परवानगी देतं, आणि त्यानंतर विद्यापीठ समिती पाठवून संलग्नतेचा निर्णय घेतं. यातल्या प्रत्येक पायरीवर भांडण होऊ शकतं. शासनानं परवानगी नाकारली की संस्था कोर्टात जाते. परवानगी दिली तर जवळचं जुनं महाविद्यालय कोर्टात जाऊ शकतं. प्राचार्य नाही, मान्यताप्राप्त शिक्षक नाहीत, प्रयोगशाळा कागदावरच आहे, असा अहवाल समितीनं दिला तर वेगळीच याचिका. आपल्या तिन्ही जिल्ह्यांची ही प्रकरणं उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात जातात.

संस्थांचंही म्हणणं दरवेळी खोटं नसतं, हेही सांगायला हवं. केंद्राच्या राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेनं मान्यता दिलेल्या अध्यापक महाविद्यालयांना महाराष्ट्र शासनानं आपल्या धोरणाचं कारण देऊन अडवलं, तेव्हा सर्वोच्च न्यायालयानं 2006 मध्ये संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाच्या खटल्यात शासनाचं म्हणणं फेटाळलं. संस्थेला आपल्या हक्कासाठी भांडू द्या. माझी तक्रार आहे ती निकाल लागण्याआधीच वर्ग भरवणाऱ्यांबद्दल. पहिली संलग्नता मिळाल्याशिवाय एकाही विद्यार्थ्याला प्रवेश द्यायचा नाही, असं आपला कायदा सांगतो. तरीही मुलं भरली जातात, कारण परीक्षा तोंडावर आली की त्याच मुलांना पुढं करून न्यायालयाकडे दया मागता येते.

ही दया मिळत नाही, हे पालकांपर्यंत पोहोचलेलंच नाही. आंध्र प्रदेशात एका संस्थेनं परवानगी आणि संलग्नता नसताना वैद्यकीय महाविद्यालय चालू केलं. मुलांना परीक्षेला तरी बसू द्या, अशी विनवणी झाली. सर्वोच्च न्यायालयानं 1986 मध्ये नकार दिला: विद्यापीठाला स्वतःचाच कायदा मोडायला आम्ही सांगू शकत नाही. महाराष्ट्रातल्या मान्यता नसलेल्या अध्यापक विद्यालयाच्या मुलांना उच्च न्यायालयानं परीक्षेची मुभा दिली होती, तो आदेशही सर्वोच्च न्यायालयानं 1992 मध्ये रद्द केला.

आता याच्या शेजारी 1986 चाच दुसरा निकाल ठेवा. कर्नाटकात काही मुलांना पात्रता नसताना अभियांत्रिकीला प्रवेश दिले गेले होते. न्यायालयानं प्रवेश चुकीचे ठरवले, पण दोष महाविद्यालयांचा आहे म्हणून मुलांना शिक्षण पूर्ण करू दिलं. तिथं महाविद्यालयच बेकायदा नव्हतं. रीतसर संलग्न महाविद्यालय बंद करायचं झालं तरी आपल्या कायद्यात ते टप्प्याटप्प्यानं बंद करण्याची सोय आहे, म्हणजे आत असलेल्या मुलांना अभ्यासक्रम पुरा करता यावा. जिथं संलग्नता कधी मिळालीच नव्हती, तिथं मुलाला धरायला काहीच उरत नाही. परीक्षेचा अर्ज भरला जात नाही, आणि तोवर वर्ष गेलेलं असतं. तीन बहिणींपैकी एकीला कसंबसं शिकायला पाठवणाऱ्या घरात त्या वर्षानंतर दुसरं वर्ष मिळेलच असं नाही. मला सगळ्यात जास्त राग याचा येतो.

म्हणून खिडकीवर सरळ विचारा: या अभ्यासक्रमाचं, या वर्षाचं संलग्नतेचं पत्र दाखवा. "प्रस्ताव गेलेला आहे", "समिती येऊन गेली", "इरादापत्र आलंय", यातलं एकही उत्तर म्हणजे संलग्नता नव्हे. "कोर्टाची ऑर्डर आहे" म्हणाले तर ती ऑर्डर वाचून घ्या, गावातल्या एखाद्या वकिलाला दाखवा. "अंतिम निर्णयाच्या अधीन राहून" हे शब्द तिच्यात असतील, तर तो प्रवेश टांगणीला आहे असं समजा आणि दुसरीकडेही अर्ज करून ठेवा.

महाविद्यालय टाळाटाळ करत असेल तर जळगावला विद्यापीठाच्या संलग्नता विभागात चौकशी करा. माहितीच्या अधिकारात दहा रुपयांच्या अर्जावरही हे विचारता येतं, पण उत्तराला तीस दिवस लागू शकतात, म्हणून तो अर्ज बारावीच्या निकालाची वाट न पाहता आधीच टाकायचा. आणि ज्यांची मुलं आज अशा वादात अडकलेली आहेत, त्यांनी केवळ संस्थेच्या वकिलाच्या भरवशावर राहू नये. दुसऱ्या महाविद्यालयात सामावून घ्या, असा स्वतंत्र लेखी अर्ज विद्यापीठाच्या कुलसचिवांच्या नावे द्यावा. सोबत फीच्या सगळ्या पावत्यांच्या प्रती जोडाव्यात, आणि अर्जाची तारीख-शिक्क्यासह पोच घ्यावी.

नमस्कार.