लोकांच्या कड्यात मधोमध उभा राहिलेला नट

नमस्कार, श्रोतेहो. आज मोरोक्कोच्या एका थोर नटाविषयी बोलणार आहे. तय्यिब सद्दीकी हे त्यांचं नाव. जन्म अटलांटिकच्या काठावरच्या एस्साविरा या तटबंदीच्या बंदरगावी. नट, नाटककार, दिग्दर्शक, शिवाय उत्तम सुलेखनकार.

१९५६ साली मोरोक्को स्वतंत्र झाला तेव्हा सद्दीकी ऐन उमेदीत होते. ते फ्रान्समध्ये नाटक शिकले, फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ व्हिलार यांचं काम त्यांनी जवळून पाहिलं. कासाब्लांकात परतल्यावर गोगोल आणि बेकेट यांची नाटकं त्यांनी आपल्या लोकांच्या भाषेत आणली. एवढ्यावरही त्यांचं नाव राहिलं असतं. पण खरं काम पुढेच आहे.

माराकेशच्या जामा अल-फना चौकात लोकांचं कडं जमतं आणि मधोमध कथेकरी उभा राहतो. याला तिथे हल्का म्हणतात. पडदा नाही, तिकीट नाही. गोष्ट रंगात आली की कथेकरी थांबतो आणि आधी पैसे मागतो. शिकलेल्या मंडळींच्या लेखी हा बाजारातला खेळ होता. सद्दीकींना त्यात संपूर्ण रंगभूमी दिसली.

सीदी अब्दर्रहमान अल-मज्दूब हा सोळाव्या शतकातला भटका कवी. आपल्याकडे तुकोबांचे चरण जसे सहज बोलण्यात येतात, तशी त्याची बोलीतली चरणं मोरोक्कोत आजही लोकांच्या तोंडी आहेत. सद्दीकींनी १९६७च्या सुमारास त्याच्यावर नाटक केलं आणि चौकातला हल्काच रंगमंचावर उभा केला. पुढे दहाव्या शतकातल्या अल-हमदानी या लेखकाच्या मकामांवर, म्हणजे यमकबद्ध गद्यातल्या गोष्टींवर, त्यांनी नाटक केलं. त्यातला नायक बेरकी भटक्या, नुसत्या वाक्चातुर्यावर पोट भरणारा! जुनं अरबी यमकबद्ध गद्य नटांच्या तोंडी बसवून त्यांनी ते जिवंत केलं. परदेशी वळणाच्या नाटकाइतकाच आपला चौकही मोठा आहे, हे इतक्या ठामपणे रंगमंचावर करून दाखवणारा दुसरा कलावंत मला तरी त्या काळच्या मोरोक्कोत दिसत नाही.

१९६५पासून बरीच वर्षं ते कासाब्लांकाच्या म्युनिसिपल थिएटरचे संचालक होते. त्यांच्या मंडळीत बुजमआ आणि लारबी बातमा हे तरुण नट होते. नाटकात गाता गाता त्यांनी पुढे नास अल-गिवान हा गायकांचा संच उभारला आणि सत्तरच्या दशकात सगळा मोरोक्को त्यांच्या गाण्यांनी भारून गेला. हल्क्याचा सूर असा नाटकातून घराघरांत पोचला.

१९८४ साली सद्दीकींनी ‘जिफ्त’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्याच वर्षी कासाब्लांकाचं ते थिएटर पाडण्यात आलं. इतक्या प्रयोगांनी गाजलेली वास्तू अशी जमीनदोस्त करावी, याचं मला आजही वाईट वाटतं. सद्दीकी मात्र लिहीत राहिले, खेळत राहिले. ५ फेब्रुवारी २०१६ रोजी कासाब्लांकात त्यांचं निधन झालं.

श्रोतेहो, नास अल-गिवानची गाणी मिळवून जरूर ऐका. बेंदीर या डफासारख्या वाद्याच्या ठेक्यावर सगळे मिळून ओळ उचलतात, तिथे सद्दीकींच्या तालमीची ओळख पटते.