नाट्यगृहात शिरलेला टीव्ही

मंडळी, स्कॉटलंडच्या टीव्हीचं एकच वर्ष निवडा असं कुणी म्हटलं, तर बरेच जण १९५२ सांगतील. त्या वर्षी १४ मार्चला कर्क ओ'शॉट्सच्या मनोऱ्यावरून बीबीसीचं प्रक्षेपण सुरू झालं. जॉन लोगी बेअर्ड स्कॉटलंडचाच, हेलन्सबर्गचा. त्याने लंडनमध्ये टीव्हीचं प्रात्यक्षिक दाखवलं १९२६ साली. त्याच्या मुलखात टीव्ही पोचायला आणखी २६ वर्षं गेली. आणि पोचला तोही मुख्यतः लंडनचा! म्हणून मी १९५७ म्हणतो.

मध्य स्कॉटलंडसाठी जाहिरातींवर चालणारी वाहिनी काढायचा परवाना रॉय थॉमसनला मिळाला. हा टोरांटोचा, न्हाव्याचा मुलगा. एडिंबराचं 'द स्कॉट्समन' हे दैनिक त्याने आधीच विकत घेतलं होतं. भांडवलासाठी तो तिथल्या धनिकांकडे गेला, पण बहुतेकांनी हात आखडता घेतला. त्यांनाही फार दोष देता येत नाही. लंडनच्या अशा कंपन्या सुरुवातीला जबर तोट्यात होत्या. शेवटी सुमारे ८० टक्के हिस्सा थॉमसनकडेच राहिला. पुढे तो उघड म्हणाला की हा तर नोटा छापायचा परवाना आहे. हे वाक्य त्याला जन्मभर चिकटलं. १९५९ मध्ये त्याने 'संडे टाइम्स'ही घेतला, तेव्हा त्या धनिकांना काय वाटलं असेल, तुम्हीच ठरवा.

थॉमसन पैशाला चिकट. नवा स्टुडिओ बांधण्याऐवजी त्याने ग्लासगोचं थिएटर रॉयल घेतलं. रंगमंच तयार, शहरात विनोदी नट, गायक, वादक हवे तेवढे. ३१ ऑगस्टला तिथूनच 'दिस इज स्कॉटलंड' या कार्यक्रमाने स्कॉटिश टेलिव्हिजन सुरू झालं. जुन्या, फक्त बीबीसी दाखवणाऱ्या संचांना मात्र कन्व्हर्टर आणि नवा अँटेना लावावा लागे.

त्यानंतर आली 'वन ओ'क्लॉक गँग'. भर दुपारी, थेट प्रक्षेपण, गाणी आणि थट्टामस्करी, खर्च अगदी बेताचा. शिष्ट मंडळींनी नाकं मुरडली. मला विचाराल तर ग्लासगोच्या कामगाराची बोली रोज दुपारी पडद्यावर ऐकू येणं, ही त्या वर्षाची खरी कमाई. संस्कृतिरक्षणाच्या भाषणांनी ती आली नाही, जाहिरातदारांच्या पैशाने आली! स्पर्धक दारात आल्यावर बीबीसीनेही त्याच सुमारास स्कॉटलंडच्या बातम्यांचं छोटं वार्तापत्र सुरू केलं.

नाट्यव्यवसायाचं काय झालं, हे जरा गुंतागुंतीचं आहे. प्रेक्षक घरी बसू लागले आणि व्हरायटीची, म्हणजे गाणी-विनोद-नाच अशा मिश्र कार्यक्रमांची, थिएटरं ओस पडत गेली. त्याच थिएटरांतल्या कलाकारांना टीव्हीने कामही दिलं. थिएटर रॉयल पुन्हा नाट्यगृह झालं ते १९७५ मध्ये, स्कॉटिश ऑपेराकडे गेल्यावर.

हे सगळं मध्य स्कॉटलंडपुरतं. ॲबर्डीनकडच्या लोकांना स्वतःच्या वाहिनीसाठी, ग्रॅम्पियनसाठी, १९६१ पर्यंत थांबावं लागलं. त्याबद्दल काही विचारायचं असेल तर आता विचारा.