सातव्या हिश्श्याचे धनी

बर्फाचे सुळके. खाली हिरवंगार कुरण. गाईंच्या गळ्यातल्या घंटा. ऑस्ट्रियाचं खेडं म्हटलं की डोळ्यांपुढे हेच येतं, आणि ते तिथवर पोचवलं सिनेमानं.

साल १९५४. महायुद्ध संपून नऊ वर्षं झाली, तरी देशात चार परक्या सत्तांच्या फौजा आहेत. तेव्हा 'सिल्बरवाल्डचा वनरक्षक' पडद्यावर येतो. ऑस्ट्रियाच्या स्टायरिया प्रांतातल्या शिकारी मंडळींच्या पुढाकारानं निघालेला चित्रपट. हरणं, जंगल, सज्जन वनरक्षक, व्हिएन्नाची तरुणी. लोकांनी तो डोक्यावर घेतला. अशा चित्रपटांना 'हायमाटफिल्म' म्हणतात. हायमाट म्हणजे आपलं गाव, आपला मुलूख, आपली माणसं. युद्धानं पोळलेल्यांना असं गाव हवंहवंसं वाटलं, यात नवल नाही.

पण त्या कुरणावरचं गवत कापत कोण होतं?

गडी आणि मोलकरणी. त्यांचं साल २ फेब्रुवारीला, मेणबत्त्यांच्या सणाला, भरायचं. हिशोब त्या दिवशी, आणि धनी बदलायचा तर तोही त्याच दिवशी. आपल्याकडे सालगडी पाडव्याला ठरतो, तसंच. जमीन नाही, घर नाही, म्हणून लग्न नाही. मुलं मात्र होत.

अशाच एका मुलाची गोष्ट फ्रिट्झ लेनर यांनी १९८१ साली 'श्योने टागे', म्हणजे 'सुंदर दिवस', या चित्रपटात सांगितली. सहा वर्षांचा पोरगा सख्ख्या बापाच्या शेतावर येतो, तो गडी म्हणून राबायला. मूळ कादंबरी फ्रान्झ इनरहोफर यांची. साल्झबुर्गच्या डोंगरात हे बालपण त्यांनी स्वतः काढलं होतं. गावाच्या प्रेमापोटी केलेल्या कितीतरी चित्रपटांपेक्षा मला हा गावाशी जास्त इमानी वाटतो.

मग १९९८. श्टेफान रुझोवित्स्की यांचा 'झीब्टेलबाउअर्न'. मुलूख म्यूलफिएर्टेल, डॅन्यूबच्या उत्तरेचा. इथं आल्प्सचे सुळके नाहीत, ग्रॅनाइटच्या टेकड्या आहेत. काळ १९३० च्या दशकाचा. जुलमी धन्याचा खून होतो, आणि मृत्युपत्रात शेत निघतं गड्यांच्या नावावर. सात जण मिळून ते कसायला घेतात. आसपासच्या जमीनदारांना हे सोसवत नाही.

'बाउअर' या शब्दाचा अर्थ नुसता शेतकरी नव्हे. ज्याच्या नावावर जमीन, तोच बाउअर. गावात मान त्याचा, शब्द त्याचा. नांगरामागे जन्म घालवूनही गड्याला कुणी बाउअर म्हणत नसे.

'झीब्टेलबाउअर' म्हणजे सातव्या हिश्श्याचा बाउअर.