शोलाकिळी

(दृश्य: बडोदा, कमाटीबाग, पहाट. शेंड्यावर दयाळ गातो आहे.)

दक्षिणेतल्या निलगिरी डोंगरांतून आणलेलं शोलाकिळी पक्ष्याच्या गाण्याचं रेकॉर्डिंग आम्ही दांडिया बाजारातल्या काकूंना ऐकवलं. त्या लगेच म्हणाल्या, "हा आपला दयाळच की रे!" काकू फार चुकल्या नाहीत. दोघं एकाच कुळातले.

(दृश्य: धुकं. घळीतलं बुटकं रान, वर गवताळ माथे.)

हे शोलाकिळीचं घर. घळीत ओल टिकते, वारा कमी लागतो, तिथे सदाहरित झाडं दाटीनं उभी राहतात. या रानाला शोला म्हणतात. वर माथ्यावर नुसतं गवत. उघडं गवत दिसलं की त्याला पडीक म्हणायची आपल्याला सवय आहे. इथे पावसाचं पाणी धरून ठेवतं ते हेच गवत.

(दृश्य: पाचोळ्यात हालचाल. पक्षी उघड्यावर येतो.)

हा निलगिरी शोलाकिळी. किळी म्हणजे मल्याळममध्ये पक्षी. पाठ पाटीसारखी निळसर, कुशी तांबूस, पोट पांढरं. पाय लांब, पंख आखूड. जमिनीलगतच किडे टिपत फिरतो.

(दृश्य: पालघाट खिंड, दुपारचं ऊन.)

निलगिरीच्या दक्षिणेला सह्याद्रीत पडलेली ही खिंड सुमारे ३० किलोमीटर रुंद. सखल आणि उष्ण. थंड डोंगरातला हा पक्षी ती ओलांडत नाही. म्हणून पलीकडे, अनामलाई आणि पळणीच्या डोंगरांत, त्याचा भाऊबंद वेगळा घडला. त्याच्या कुशीवर तांबूस रंग नाही. या दोघांना नेमकं कुठे बसवायचं, यावर अभ्यासक दीडशेहून अधिक वर्षं अडले. कुणी एका गटात घातलं, कुणी दुसऱ्या. शेवटी पक्षी-अभ्यासक व्ही. व्ही. रॉबिन आणि सहकाऱ्यांनी डीएनए तपासला आणि २०१७ मध्ये त्यांच्यासाठी नवी प्रजातीच (जीनस, म्हणजे जवळच्या जातींचा गट) मांडली: शोलिकोला, म्हणजे शोलात राहणारा. रानाचं नाव पक्ष्याला मिळालं, याचा आम्हाला फार आनंद आहे.

(दृश्य: चहाचे मळे, निलगिरीच्या झाडांच्या रांगा, वॅटल म्हणजे ऑस्ट्रेलियन बाभूळ.)

इंग्रजी अमलापासून गवतावर चहा, निलगिरी, वॅटल लागले. शोलाचे तुकडे झाले, आणि हा पक्षी आज संकटग्रस्त यादीत आहे.

(दृश्य: संध्याकाळ. खालच्या फांदीवर तोच पक्षी.)

आमचा पाचवा दिवस. अंधार पडायला दहा मिनिटं होती.

(निवेदन नाही. गाणं पूर्ण.)